संवेदी व प्रेरक चेतांची मानवी शरीरातील रचना : विदर्भातील कुष्ठरोगाच्या संदर्भात एक विवेचन

सारांश

मानवी शरीरात बाहेरून आत माहिती नेणारे संवेदी चेतातंतू आणि आतून बाहेर आज्ञा नेणारे प्रेरक चेतातंतू अशी दुहेरी व्यवस्था आहे. हे दोन्ही प्रकारचे तंतू मेरुरज्जूजवळ स्वतंत्र मुळांतून जातात. हातापायांत मात्र ते एकाच चेतेत एकत्र बांधलेले असतात. त्यामुळे इजा कोठे झाली यावरून केवळ संवेदना जाईल, केवळ हालचाल जाईल की दोन्ही जातील, हे ठरते. प्रस्तुत लेखात या रचनेचे विवेचन करून ती पोलिओ, मण्यार सापाचा दंश, गियाँ-बारे विकार, मधुमेह आणि विशेषतः कुष्ठरोग यांच्या आधारे स्पष्ट केली आहे. वेदना नसणे हेच ज्या रोगाचे महत्त्वाचे लक्षण आहे, त्या रोगाचे वेळेवर निदान होण्यासाठी चेतारचनेचे ज्ञान वैद्यक शाखेबाहेरील शिक्षकांनाही का आवश्यक आहे, हे यात दाखविले आहे.

बीजसंज्ञा : संवेदी चेता, प्रेरक चेता, मेरुरज्जू, प्रतिक्षिप्त क्रिया, बधिरता, कुष्ठरोग, विदर्भ.

1. प्रस्तावना

बुलढाणा जिल्ह्यात दिवाळीच्या आगेमागे कापसाची वेचणी सुरू होते. वेचणी करणारी स्त्री डाव्या हाताने फांदी सावरते, उजव्या हाताचा अंगठा, तर्जनी आणि मध्यमा यांनी उमललेल्या बोंडातून कापूस ओढून घेते आणि तो कमरेच्या झोळीत टाकते. दिवसभरात ही क्रिया हजारो वेळा घडते. बोंडाच्या वाळलेल्या टरफलांची टोके सुईसारखी असतात. ती बोटाला लागताच बोट आपोआप मागे येते. कापूस मऊ आहे की दहिवराने ओला आहे, हे डोळ्यांनी पाहण्याआधी बोटांना कळते. वरवर साध्या दिसणाऱ्या या कामात संवेदी व प्रेरक चेता अखंडपणे परस्परांशी व्यवहार करीत असतात.

आता हेच टोक बोटाला लागले, पण काही जाणवलेच नाही, अशी कल्पना करावी. प्रथमदर्शनी ही सोय वाटेल. प्रत्यक्षात ती मोठी आपत्ती असते. ज्या बोटाला टोचल्याचे कळत नाही, ते मागे घेतले जात नाही. त्यावरची जखम दुखत नाही, म्हणून तिच्याकडे लक्ष जात नाही. न दुखणाऱ्या बोटाला विश्रांती मिळत नाही आणि जखम खोल होत जाते. विदर्भाच्या सामाजिक इतिहासात ज्या रोगाने माणसांना घराबाहेर आणि गावाबाहेर काढले, त्या कुष्ठरोगातील विद्रूपतेचे मूळ बऱ्याच अंशी या न दुखण्यात आहे. म्हणून चेतारचनेचा विचार येथे केवळ शरीरशास्त्राचा विषय राहत नाही.

2. लेखाची उद्दिष्टे

1) संवेदी व प्रेरक चेतांची रचना वैद्यकेतर वाचकांना कळेल अशा भाषेत मांडणे.
2) इजेचे स्थान आणि दिसणारे लक्षण यांतील संबंध परिचित रोगांच्या आधारे स्पष्ट करणे.
3) कुष्ठरोगातील बधिरतेचा या रचनेशी असलेला संबंध दाखवून लवकर निदानातील महाविद्यालयांची भूमिका सूचित करणे.

3. परिभाषेविषयी

मराठीत या विषयाची परिभाषा एकसारखी नाही. जुन्या ग्रंथांत ‘मज्जातंतू’ व ‘ज्ञानतंतू’, मराठी विश्वकोशात ‘तंत्रिका’, तर शालेय पाठ्यपुस्तकांत ‘चेता’ हे शब्द आढळतात. प्रस्तुत लेखात पाठ्यपुस्तकातील परिभाषा स्वीकारली आहे. ‘चेतापेशी’ म्हणजे एक स्वतंत्र पेशी. तिच्यापासून निघणारा लांब धागा म्हणजे ‘चेतातंतू’. आणि अशा शेकडो-हजारो तंतूंची आवरणात बांधलेली जुडी म्हणजे ‘चेता’. हा भेद ध्यानात ठेवणे आवश्यक आहे. ‘संवेदी’ किंवा ‘प्रेरक’ हा गुण मूलतः तंतूचा असतो. चेता ही जुडी असल्यामुळे तिच्यात दोन्ही गुणांचे तंतू एकत्र असू शकतात आणि बहुधा असतातच.

4. दोन मुळे, एक चेता

मेंदूपासून चेतांच्या 12 जोड्या निघतात आणि मेरुरज्जूपासून 31 जोड्या. मेरुरज्जूच्या चेतांत मानेच्या 8, छातीच्या 12, कमरेच्या 5, त्रिकास्थीच्या 5 आणि माकडहाडाची 1 अशी विभागणी आहे. यांतील प्रत्येक चेता मेरुरज्जूशी दोन मुळांनी जोडलेली असते. मागील मुळातून संवेदी तंतू आत शिरतात, पुढील मुळातून प्रेरक तंतू बाहेर पडतात. स्कॉटिश शरीरशास्त्रज्ञ चार्ल्स बेल यांनी 1811 मध्ये पुढील मुळाचा हालचालीशी असलेला संबंध सुचविला. फ्रेंच शरीरक्रियाशास्त्रज्ञ फ्रान्स्वा माजाँदी यांनी 1822 मध्ये प्राण्यांवरील प्रयोगांनी दोन्ही मुळांची कामे वेगळी असल्याचे सिद्ध केले. हा सिद्धान्त आज बेल-माजाँदी नियम म्हणून ओळखला जातो.

दोन्ही प्रकारच्या पेशींचे स्थानही भिन्न आहे. संवेदी चेतापेशीचे शरीर मेरुरज्जूच्या बाहेर, मागील मुळावरील फुगीर गाठीत असते. या गाठीला गुच्छिका म्हणतात. तिचा एक धागा त्वचेपर्यंत किंवा स्नायूपर्यंत जातो आणि दुसरा मेरुरज्जूत प्रवेश करतो. प्रेरक चेतापेशीचे शरीर मात्र मेरुरज्जूच्या आतच, करड्या द्रव्याच्या पुढील शृंगात असते आणि तिचा तंतू थेट स्नायूपर्यंत पोहोचतो. पायाच्या तळव्यातील लहान स्नायूला आज्ञा देणारी पेशी कमरेच्या वरच्या भागात असते आणि तिचा एकच तंतू सुमारे एक मीटर अंतर पार करतो.

गुच्छिकेच्या पुढे दोन्ही मुळे एकत्र येतात आणि येथून पुढे चेता मिश्र होते. हातापायांना जाणाऱ्या चेतांची आणखी एक पुनर्रचना होते. मानेच्या खालच्या चार चेता आणि छातीची पहिली चेता यांचे तंतू काखेच्या परिसरात परस्परांत गुंफले जाऊन एक जाळे बनते. या जाळ्यातून हाताच्या प्रमुख चेता निघतात. त्यांपैकी तीन येथे महत्त्वाच्या आहेत. मीडियन चेता अंगठा, तर्जनी, मध्यमा आणि अनामिकेचा अर्धा भाग यांच्या तळहाताकडील बाजूला संवेदना पुरविते आणि अंगठा इतर बोटांसमोर आणणाऱ्या स्नायूंना चालविते. अल्नर चेता करंगळी व अनामिकेच्या उरलेल्या अर्ध्या भागाची संवेदना आणि हाताच्या पंजातील बहुतेक लहान स्नायू सांभाळते. रेडियल चेता मनगट व बोटे मागे उचलते. कोपराचे हाड कशावर आपटले असता करंगळीपर्यंत जी झिणझिणी जाते, ती तेथे त्वचेलगत असलेल्या अल्नर चेतेची होय.

या पुनर्रचनेमुळे शरीरावर दोन नकाशे तयार होतात. पहिला नकाशा मुळांचा. त्यानुसार बेंबीभोवतीची त्वचा छातीच्या दहाव्या चेतेची, तर अंगठ्याची त्वचा मानेच्या सहाव्या चेतेची. दुसरा नकाशा जाळ्यातून निघालेल्या चेतांचा. करंगळी बधिर झालेल्या व्यक्तीत अनामिकेचा नेमका अर्धाच भाग बधिर असेल, तर दोष बहुधा अल्नर चेतेत आहे. बधिरता संपूर्ण अनामिकेवर व कोपरापुढच्या हाताच्या आतल्या बाजूवर पसरली असेल, तर दोष मानेतील मुळाशी असण्याचा संभव अधिक. एका बोटाच्या दोन कडा तपासून इजेचे स्थान सांगता येते.

चेहऱ्यावर हीच विभागणी वेगळ्या प्रकारे दिसते. मेंदूच्या 12 चेतांपैकी गंध, दृष्टी आणि श्रवण-संतुलन यांच्या तीन चेता संवेदी आहेत. डोळ्याच्या हालचालींच्या तीन, मान-खांद्याची एक आणि जिभेच्या हालचालीची एक अशा पाच प्रामुख्याने प्रेरक आहेत. उरलेल्या चार मिश्र आहेत. चेहऱ्याच्या त्वचेची व डोळ्याच्या पारपटलाची संवेदना पाचवी चेता आणते, पण पापणी मिटण्याची आज्ञा सातवी चेता नेते. डोळ्यात कण गेल्यावर पापणी मिटते ती या दोन चेतांच्या संयुक्त कार्यामुळे.

5. तंतूंचे प्रकार आणि वेग

सर्व तंतू सारखे नसतात. जाड तंतूंवर मायलिनचे पांढरे आवरण असते; ते श्वान पेशी नावाच्या सहायक पेशी तंतूभोवती गुंडाळून तयार करतात. या आवरणामुळे संदेश एका खंडातून दुसऱ्या खंडात उडी घेत जातो. स्नायूंना आज्ञा देणाऱ्या आणि स्नायूंचा ताण कळविणाऱ्या जाड तंतूंत संदेशाचा वेग सेकंदाला 50 मीटरहून अधिक असतो. तीक्ष्ण वेदना व थंडपणा कळविणारे बारीक मायलिनयुक्त तंतू सेकंदाला साधारणतः 5 ते 30 मीटर वेगाने संदेश नेतात. मंद, जळजळती वेदना व उष्णता कळविणारे मायलिनविरहित तंतू सेकंदाला जेमतेम 1 मीटरच्या आसपास. तव्याचा चटका बसल्यावर आधी एक झणका येतो आणि क्षणभराने आग होऊ लागते. एकाच चटक्याची ही दोन वेगळ्या तंतूंनी आणलेली दोन वार्तापत्रे असतात.

चटका बसताच हात मागे येतो, तो मेंदूच्या आज्ञेची वाट पाहत नाही. संवेदी तंतू मेरुरज्जूत शिरून तेथील सहयोगी चेतापेशीला संदेश देतो, ती प्रेरक चेतापेशीला देते आणि स्नायू आकुंचन पावतो. ही प्रतिक्षिप्त क्रिया होय. चटका बसल्याची जाणीव मेंदूला होईपर्यंत हात बहुधा दूर झालेला असतो.

प्रेरक तंतू स्नायूत शिरताना अनेक शाखांत विभागतो. एक प्रेरक चेतापेशी आणि तिने चालविलेले सर्व स्नायूतंतू मिळून एक प्रेरक एकक होते. डोळ्याच्या स्नायूत एका एककात मोजके स्नायूतंतू असतात, म्हणून तेथील हालचाल अत्यंत नाजूक होते. पोटरीच्या स्नायूत ते हजाराहून अधिक असू शकतात, म्हणून तेथे बळ अधिक आणि बारकावा कमी. इंग्रज शरीरक्रियाशास्त्रज्ञ चार्ल्स शेरिंग्टन यांनी प्रेरक चेतापेशीला अंतिम समाईक मार्ग म्हटले. त्यांना 1932 चे नोबेल पारितोषिक मिळाले. मेंदूची आज्ञा असो वा प्रतिक्षिप्त क्रिया, स्नायूपर्यंत जाण्यास दुसरा मार्ग नाही, हा त्याचा आशय.

6. मेरुरज्जूपासून मेंदूपर्यंत

मेरुरज्जूत शिरल्यावर संवेदी संदेशांची पुन्हा विभागणी होते. सूक्ष्म स्पर्श, कंपन आणि सांध्यांची स्थिती यांचे तंतू त्याच बाजूने वर चढतात आणि मेंदूच्या तळाशी लंबमज्जेत बाजू बदलतात. वेदना व तापमान यांचे संदेश मात्र मेरुरज्जूत शिरल्यावर थोड्याच अंतरात विरुद्ध बाजूस जातात आणि तेथून वर चढतात. दोन्ही मार्ग चेतक या केंद्रात थांबा घेऊन मेंदूच्या विरुद्ध बाजूच्या संवेदी पट्ट्यात पोहोचतात. प्रेरक आज्ञांचा मार्ग याच्या उलट दिशेचा असून त्यातील बहुतांश तंतू लंबमज्जेच्या खालच्या टोकाशी बाजू बदलतात. म्हणूनच मेंदूच्या डाव्या भागातील पक्षाघाताने उजवे अंग लुळे पडते.

मेंदूच्या पृष्ठभागावर संवेदी व प्रेरक पट्टे एका खोल घडीच्या मागेपुढे शेजारी-शेजारी आहेत. वाइल्डर पेनफील्ड व एडविन बोल्ड्री यांनी 1937 मध्ये शस्त्रक्रियेदरम्यान केलेल्या निरीक्षणांतून या पट्ट्यांवरील शरीराचा नकाशा मांडला. त्यात पाठ व मांडी यांना अल्प जागा, तर बोटे, ओठ व जीभ यांना विस्तीर्ण जागा आढळते. कापूस वेचणारी तीन बोटे मेंदूत संपूर्ण पाठीपेक्षा अधिक जागा व्यापतात.

7. इजेचे स्थान आणि लक्षणांचे स्वरूप

वरील रचना समजली की अनेक रोगांच्या लक्षणांचा उलगडा होतो. पुढील उदाहरणे मार्गाच्या निरनिराळ्या टप्प्यांवरील आहेत.

*(अ) पुढील शृंगातील पेशी.* पोलिओचा विषाणू मेरुरज्जूतील प्रेरक चेतापेशी नष्ट करतो. पाय लुळा पडतो, बारीक होतो, परंतु त्या पायाला स्पर्श, उष्णता, वेदना पूर्ण कळतात. भारतात या विषाणूचा शेवटचा नैसर्गिक रुग्ण जानेवारी 2011 मध्ये आढळला आणि 27 मार्च 2014 रोजी देश पोलिओमुक्त प्रमाणित झाला. पोलिओने अधू झालेल्या प्रौढ व्यक्ती मात्र आजही समाजात आहेत. त्यांच्या पायांवर बधिरतेच्या जखमा सहसा दिसत नाहीत, कारण त्यांची संवेदना शाबूत आहे.

*(आ) चेता व स्नायू यांचा सांधा.* पावसाळ्यात जमिनीवर झोपणाऱ्यांना होणारा मण्यार सापाचा दंश हे याचे उदाहरण. दंशाच्या जागी वेदना व सूज फारशी नसते. विष प्रेरक तंतूच्या टोकातून स्नायूला मिळणारा रासायनिक संदेश बंद पाडते. पापण्या जड होतात, गिळणे अवघड होते आणि शेवटी श्वासाचे स्नायू थांबतात. रुग्ण आरंभी शुद्धीवर असतो, त्याला स्पर्श कळतो. केवळ हालचाल करता येत नाही. ऑर्गॅनोफॉस्फेट वर्गातील कीटकनाशके याच सांध्यावर उलट रीतीने आघात करतात. ॲसिटिलकोलीन या संदेशवाहक द्रव्याचे विघटन न झाल्याने ते साचत जाते, स्नायू प्रथम थरथरतात आणि मग निकामी होतात. 2017 च्या हंगामात यवतमाळ जिल्ह्यात कापसावरील फवारणीतून विषबाधा होऊन वीसहून अधिक जणांचा मृत्यू झाला. विदर्भाच्या कापूस पट्ट्यात या सांध्याचे महत्त्व पुस्तकी नाही, हे त्यावरून ध्यानात यावे.

*(इ) मायलिनचे आवरण.* जानेवारी 2025 मध्ये पुणे परिसरात गियाँ-बारे विकाराचा उद्रेक झाला. या विकारात जंतुसंसर्गानंतर शरीराची प्रतिकारयंत्रणा स्वतःच्याच चेतांवर आघात करते. नेहमीच्या प्रकारात जाड, मायलिनयुक्त तंतू प्रथम बाधित होतात. त्यामुळे पायांपासून सुरू झालेली अशक्तता वर चढते आणि गुडघ्यावर हातोडी मारून तपासली जाणारी प्रतिक्षिप्त क्रिया लवकर नाहीशी होते.

*(ई) तंतूंची दूरची टोके.* दीर्घकालीन मधुमेहात सर्वांत लांब तंतूंची टोके आधी निकामी होतात. म्हणून बधिरता दोन्ही पायांच्या बोटांपासून सारख्या प्रमाणात सुरू होते आणि मोजा चढवावा तशी वर सरकते.

*(उ) त्वचेलगतच्या मिश्र चेता.* कुष्ठरोगाचे स्थान हे होय. त्याचा विचार पुढे स्वतंत्रपणे केला आहे.

8. कुष्ठरोग : न दुखण्याचा रोग

नॉर्वेतील बर्गन येथे गेरहार्ड हॅन्सन यांनी 1873 मध्ये कुष्ठरोगाचा जंतू शोधला. हा जंतू श्वान पेशीत वाढतो आणि शरीराच्या आतील तापमानापेक्षा थंड जागा त्याला मानवते. या दोन गुणांनी रोगाचा सारा नकाशा ठरतो. चेता जेथे त्वचेलगत व म्हणून तुलनेने थंड असतात तेथेच त्या बाधित होतात : कोपरामागे अल्नर, मनगटाशी मीडियन, गुडघ्याच्या बाहेरील बाजूस कॉमन पेरोनियल, घोट्याच्या आतील बाजूस पोस्टिरियर टिबियल आणि चेहऱ्यावर सातव्या चेतेच्या शाखा. मांडीच्या खोल स्नायूंत दडलेली चेता बहुधा सुरक्षित राहते.

त्वचेवरील चट्ट्यात प्रथम सर्वांत बारीक तंतू निकामी होतात. आधी गरम-थंड यांतील भेद कळेनासा होतो, मग स्पर्श व वेदना जातात. घामाच्या ग्रंथींचे तंतूही बारीकच असल्याने चट्टा कोरडा पडतो आणि त्यावरील केस विरळ होतात. दुसरीकडे स्नायूंचा ताण कळविणारे खोलवरचे जाड तंतू बराच काळ टिकून राहतात. त्यामुळे हातोडीने तपासलेली प्रतिक्षिप्त क्रिया शाबूत असू शकते. गियाँ-बारे विकाराशी तुलना केली असता हा विरोध स्पष्ट होतो.

रोग चेतेच्या मुख्य खोडात पोहोचला की संवेदी व प्रेरक दोन्ही तंतू एकाच आवरणात सापडतात. अल्नर चेता गेल्यास करंगळी व अनामिका बधिर होतात आणि आकड्यासारख्या वळतात. मीडियन चेताही गेल्यास अंगठा इतर बोटांसमोर येत नाही. अशा हाताने कापूस वेचणे अशक्य होते. पेरोनियल चेता गेल्यास पाऊल लोंबते, टिबियल चेता गेल्यास तळवा बधिर होतो. डोळ्याच्या बाबतीत सातव्या चेतेमुळे पापणी मिटत नाही आणि पाचव्या चेतेमुळे पारपटलाला धूळ लागल्याचे कळत नाही. रक्षणाची दोन्ही साधने गेल्यामुळे अंधत्व येण्याचा धोका निर्माण होतो.

हाताची बोटे रोगामुळे ‘झडतात’ हा समज फार जुना आहे. तामिळनाडूतील वेल्लोर येथील ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात 1946 पासून काम करणारे शल्यचिकित्सक पॉल ब्रँड यांनी रुग्णांच्या दैनंदिन हालचालींचे बारकाईने निरीक्षण केले. बोटांची हानी मुख्यतः बधिर हाताला होणाऱ्या चटक्यांनी, जखमांनी, अतिदाबाने आणि त्यांतून होणाऱ्या जंतुसंसर्गाने होते, ही गोष्ट त्यांच्या कार्यातून पुढे आली. चुलीवरचा तवा उघड्या हाताने उतरविणारी, भाकरी उलटताना भाजल्याचे न कळणारी स्त्री धीट नसते; तिचा धोक्याचा निरोप आणणारा तंतू तुटलेला असतो. ब्रँड यांनी शाबूत चेतेवर चालणाऱ्या स्नायूचा कंडरा लुळ्या बोटांना जोडून वळलेला हात पुन्हा कामाचा करण्याची शस्त्रक्रियाही विकसित केली. हालचाल अशा रीतीने काही प्रमाणात परत मिळविता येते. गेलेली संवेदना परत देणारी शस्त्रक्रिया मात्र तेवढी हाती आलेली नाही. म्हणून संवेदना जाण्याआधी, किंवा गेल्यावर अल्पावधीतच, उपचार सुरू होणे हाच खरा उपाय ठरतो.

विदर्भाचे या रोगाशी नाते सेवेच्या इतिहासाचे आहे. वर्ध्याजवळ दत्तपूर येथे मनोहरजी दिवाण यांनी 1936 मध्ये कुष्ठसेवेचे काम सुरू केले. सेवाग्राम आश्रमात संस्कृत पंडित परचुरे शास्त्री यांची शुश्रूषा महात्मा गांधींनी स्वतः केली. बुलढाणा जिल्हा ज्या महसूल विभागात आहे, त्याच्या मुख्यालयी, अमरावतीस, डॉ. शिवाजीराव पटवर्धन यांनी 1946 मध्ये तपोवन उभे केले. बाबा आमटे यांनी 1949 मध्ये महारोगी सेवा समिती स्थापन करून वरोड्याजवळ आनंदवन वसविले. या संस्थांची उभारणी झाली तेव्हा रोग बरा करणारे बहुविध औषधोपचार उपलब्ध नव्हते. जागतिक आरोग्य संघटनेने 1981 मध्ये रिफॅम्पिसिन, डॅप्सोन व क्लोफॅझिमिन यांच्या संयुक्त उपचाराची शिफारस केली. रोगाच्या प्रकारानुसार सहा किंवा बारा महिन्यांत जंतूंचा बंदोबस्त होतो आणि ही औषधे शासकीय आरोग्य केंद्रांत विनामूल्य मिळतात.

डिसेंबर 2005 मध्ये भारताने दर दहा हजार लोकसंख्येत एकाहून कमी रुग्ण हे राष्ट्रीय उद्दिष्ट गाठले. या घोषणेचा अर्थ रोग संपला असा लावला गेला आणि दक्षता सैल झाली. प्रत्यक्षात 2023 मध्येही भारतात एक लाखाहून अधिक नवे रुग्ण नोंदले गेले. जगातील नव्या रुग्णांच्या निम्म्याहून ही संख्या अधिक आहे. संसर्गानंतर लक्षणे दिसण्यास सरासरी पाच वर्षे आणि कधी वीस वर्षेही लागतात, हे ध्यानात घेता हे अनपेक्षित नाही. कायद्याने आपली भूमिका बदलली आहे : 1898 चा कुष्ठरोगी कायदा 2016 मध्ये रद्द झाला आणि 2019 च्या दुरुस्तीने कुष्ठरोग हे घटस्फोटाचे कारण राहिले नाही. समाजाची भीती मात्र तितक्या वेगाने ओसरलेली नाही आणि ती भीतीच रुग्णाला चट्टा लपविण्यास भाग पाडते.

9. लवकर निदान आणि महाविद्यालयांची भूमिका

चेतेचे कार्य नुकतेच, म्हणजे सहा महिन्यांच्या आत, बिघडले असेल तर वैद्यकीय देखरेखीखाली दिलेल्या स्टेरॉइड उपचाराने ते बऱ्याचदा सुधारते. त्यानंतर सुधारणेची आशा कमी होत जाते. जंतुनाशक उपचार चालू असताना किंवा संपल्यानंतरही दाहामुळे चेता अचानक सुजू शकते. म्हणून नव्याने आलेली बधिरता वा अशक्तता तत्काळ दाखविणे आवश्यक असते. रुग्ण दवाखान्यात येतो तो सहसा दुखते म्हणून. न दुखणाऱ्या चट्ट्यासाठी मजुरी बुडवून कोणी जात नाही. हा तिढा ज्ञानाशिवाय सुटणार नाही.

आरोग्य कर्मचारी करीत असलेल्या चाचण्या चेतारचनेवरच आधारलेल्या आहेत. डोळे मिटलेल्या व्यक्तीच्या चट्ट्यावर पेनाच्या टोकाने हलका स्पर्श करून जागा दाखविण्यास सांगणे ही संवेदी तंतूंची परीक्षा. करंगळी बाजूला ताणून धरणे ही अल्नरची, अंगठा तळहातापासून सरळ वर उचलून धरणे ही मीडियनची, मनगट मागे वळविणे ही रेडियलची, पाऊल वर उचलणे ही पेरोनियलची आणि डोळे घट्ट मिटणे ही सातव्या चेतेची परीक्षा होय. या चाचण्यांना उपकरण लागत नाही. निदान करणे हे वैद्यकीय अधिकाऱ्याचेच काम आहे. पण संशय घेऊन योग्य ठिकाणी पाठविणे हे कोणाही जाणत्या व्यक्तीला शक्य आहे.

ग्रामीण महाविद्यालयांतील प्राध्यापकांचा संबंध शेतकरी व शेतमजूर कुटुंबांतील विद्यार्थ्यांशी येतो. जीवशास्त्राच्या तासाला चेतेची आकृती शिकविताना कोपरामागची अल्नर चेता प्रत्यक्ष चाचपून दाखविता येईल. राष्ट्रीय सेवा योजनेच्या शिबिरात ‘न दुखणारा, न खाजणारा, बधिर चट्टा’ ही एकच गोष्ट घरोघर सांगता येईल आणि असा चट्टा आढळल्यास आशा स्वयंसेविकेच्या मदतीने प्राथमिक आरोग्य केंद्र गाठता येईल. समाजशास्त्र व मराठी विभागांना ‘महारोग’ या शब्दामागील भीतीचा आणि सेवेच्या परंपरेचा अभ्यास करण्यास वाव आहे. हे काम करताना रुग्णाचे नाव उघड होणार नाही, याची काळजी सर्वांत आधी घेतली पाहिजे.

10. निष्कर्ष

1) संवेदी व प्रेरक तंतू मेरुरज्जूच्या मुळांशी विभक्त आणि हातापायांतील चेतांत मिश्र असतात. इजेच्या स्थानानुसार लक्षणे बदलतात, ती या रचनेमुळे.

2) पोलिओ व मण्यारदंश यांत हालचाल जाते आणि संवेदना राहते, मधुमेहात बधिरता सममित असते, कुष्ठरोगात ती ठिगळासारखी असून त्वचेलगतच्या चेतांच्या मार्गाने पसरते.

3) कुष्ठरोगातील विद्रूपता मोठ्या प्रमाणात संवेदनानाशानंतरच्या दुखापतींचा परिणाम असून ती टाळता येण्याजोगी आहे.

4) वेदना ही शरीराची संरक्षक व्यवस्था आहे. ती नसणे हे आरोग्याचे लक्षण मानण्याची प्रवृत्ती बदलणे, हे या विषयातील लोकशिक्षणाचे पहिले काम होय.

5) चेतेचे कार्य वाचविण्याचा काळ काही महिन्यांचाच असतो. त्या काळात बधिर चट्टा कोणाच्या तरी जाणत्या नजरेस पडावा, यासाठी ग्रामीण महाविद्यालये हे उपयुक्त माध्यम ठरू शकते.